आत्या आधी हसली

वाचकहो, आज पिकापाण्याचे काही सांगत नाही. आज हसण्याची एक गोष्ट सांगतो. पण ती हसण्यावारी नेण्यासारखी नाही, तेव्हा हातातले काम बाजूला ठेवून शेवटपर्यंत वाचा.

परवा रात्री जेवणे आटोपल्यावर माझा नातू मोबाईल घेऊन शेजारी येऊन बसला. "आजोबा, हा माणूस बघा," म्हणाला. मी चष्मा लावून पाहिले. ढगळ विजार, तोकडा कोट, डोक्यावर वाटोळी टोपी, हातात वेताची काठी. असा एक फाटका माणूस फेंगडी पावले टाकीत चालला होता. चार्ली चॅप्लिन! धाकटी नात आत झोपली होती म्हणून आवाज बंद ठेवला होता. पण आवाजाची गरजच नव्हती. आम्ही दोघे पोट धरून हसत होतो. सूनबाई ओला हात पदराला पुसत पाहायला आली, तीही हसू लागली. आणि हसता हसता माझ्या डोळ्यांना एकदम धार लागली. नातवाला वाटले, आजोबांना ठसका लागला. त्याने पाणी आणून दिले. ठसका नव्हता हो. मला आमची आत्या आठवली होती.

आमचे कामोठे आता नवी मुंबईत मोडते. एका अंगाला मानसरोवर स्टेशन, दुसऱ्या अंगाला खांदेश्वर, जवळून शीव-पनवेलचा महामार्ग, आणि मध्ये इमारतींना इमारती खेटलेल्या. पण माझ्या लहानपणी हे पनवेल तालुक्यातले एक साधे आगरी गाव होते. जिल्हा कुलाबा. त्याचे नाव रायगड झाले ते १९८१ साली. खाडीच्या कडेने मातीचे बांध, बांधाच्या आत भातशेती आणि बाहेर खाजण. भात घरात आले की बायामाणसे टोपल्या घेऊन खाडीत उतरत. निवट्या, चिंबोऱ्या, कोळंबी, जे मिळेल ते संध्याकाळच्या कालवणाला.

आत्या माझ्या वडिलांची धाकटी बहीण. लहानपणी तापात तिचे कान गेले, आणि कान गेले म्हणून बोलणेही फुटले नाही. गाव तिला 'मुकी' म्हणे. लग्न झाले नाही. भावांच्या घरी राबत राहिली. लावणीला सगळ्यांच्या पुढे, झोडणीला सगळ्यांच्या पुढे, आणि जेवायला मात्र सगळ्यांच्या मागे. तिच्याशी कोणी वाईट वागत असे म्हणावे, तर तसेही नाही. फक्त तिला कोणी काही विचारीत नसे आणि कोणी काही सांगत नसे. घरात पाहुणे आले तरी तिला कारण कळायचे नाही, आणि मयत झाले तरी रडणाऱ्या माणसांकडे पाहूनच कळायचे. मी शाळेत जाऊ लागलो, तशी मला तिची लाज वाटू लागली. मित्रांसमोर तिने खुणेने बोलावले की मी न पाहिल्यासारखे करीत असे. हे लिहिताना आजही हात अडखळतो, पण खरे आहे ते लिहिले पाहिजे.

देवळापुढचा पडदा

साल १९६८ असावे. मी दहा वर्षांचा होतो. झोडणी संपत आली होती. एके दिवशी तिसऱ्या प्रहरी गावात सरकारी प्रचाराची गाडी आली आणि कर्ण्यावरून पुकारा झाला, "आज रात्री देवळापुढे फुकट सिनेमा!" मग काय विचारता! पोरांनी दुपारपासूनच जागा धरल्या. दोन बांबू पुरून मध्ये पांढरा पडदा ताणला. जनित्र घरघरू लागले. पुरुष एका बाजूला, बाया एका बाजूला, पोरे पुढ्यातल्या धुळीत. ज्यांना जागा मिळाली नाही ते पडद्याच्या मागे जाऊन बसले. तिकडूनही चित्र दिसते, फक्त उजव्याचे डावे होते.

दाखवायचा होता सुधारित बियाण्याचा आणि कुटुंब नियोजनाचा बोलपट. पण माणसे जमेपर्यंत म्हणून गाडीवाल्याने एक जुने मुके चित्र लावले. त्याचे नाव मला पुढे कितीतरी वर्षांनी कळले. 'द इमिग्रंट', साल १९१७. देश सोडून पोटासाठी अमेरिकेला निघालेल्या गरिबांची गोष्ट. दोन रिळांची, वीस-पंचवीस मिनिटांत संपणारी.

सुरुवातीला एक जहाज हेलकावे खात चालले आहे. माणसांना मळमळते आहे, कोणी इकडे कलंडतो, कोणी तिकडे. आणि चार्ली कठड्यावरून पार खाली ओणवा झाला आहे. आपल्याला दिसते ती त्याची पाठ आणि झटके देणारे पाय. बाया म्हणाल्या, "ओकतोय बिचारा." खाडीत होडी हलली की काय होते हे आमच्या लोकांना ठाऊकच होते.

आत्या माझ्या मागे बसली होती. तिने माझ्या खांद्यावर थाप मारली. वळून पाहिले तर ती बोट आकड्यासारखे वाकवून वर ओढल्याची खूण करीत होती. गरी! मासा! आणि ती मोठ्याने हसली. तिचे हसणे खरखरीत, घशातून येणारे, लोकांना विचित्र वाटे. दोन-चार जणांनी रागाने मागे पाहिले. मी शरमेने मान खाली घातली. तेवढ्यात सगळे देवळापुढचे मैदान हसण्याने फुटले. मी वर पाहिले. चार्ली वळला होता आणि त्याच्या हातात गरीला लागलेला मासा फडफडत होता!

आत्या आधी हसली. गाव मागाहून हसले.

ज्याला ऐकू येत नाही तो माणसाच्या पाठीवरूनही मन वाचतो, हे मला तेव्हा कळायचे वय नव्हते. पण काहीतरी उलटेपालटे झाले एवढे कळले. मधून मधून पडद्यावर इंग्रजी अक्षरांच्या पाट्या येत. मास्तर उठून त्याचा अर्थ सांगू लागत, तोवर चित्र पुढे सरके. लोक मास्तरांवर कावले. आणि शेजारची बाई आत्याला कोपराने ढोसून खुणेने विचारू लागली, "काय झाले?" आत्याला कोणी 'काय झाले' विचारल्याचे मी जन्मात प्रथमच पाहत होतो. पुढे चार्ली एका खानावळीत जातो. रस्त्यात सापडलेले नाणे त्याने खिशात टाकलेले असते, पण खिशाला भोक असते, नाणे केव्हाच गळून पडलेले. समोर पैसे कमी पडलेल्या एका गिऱ्हाईकाला वाढपी मिळून तुडवताहेत, आणि चार्ली जेवून बसला आहे! त्याचा हात खिशात जातो, बोट भोकातून बाहेर येते, आणि चेहरा पडतो. आत्याने तो प्रसंग श्वास धरून पाहिला.

दुसऱ्या दिवशी खळ्यावर तिने माझ्या वडिलांचा सदरा अंगात चढवला, हातात काठी घेतली आणि तो सबंध प्रसंग करून दाखवला. खिशात हात घालायची, बोट भोकातून काढून हलवायची, आणि वाढप्याकडे पाहून कसनुसे हसायची. झोडणी थांबली. बाया पेंढ्यांवर लोळल्या. वडील डोळे पुसत म्हणाले, "आपल्याला नाय समजला ते हिला समजला!"

हा खेळ आला कुठून

पुढे नोकरीला लागल्यावर मला या मुक्या हास्यचित्रांचा नादच लागला. मिळेल ते वाचले, मिळेल ते पाहिले. त्यातले थोडे तुम्हाला सांगतो, कारण यातले पहिले हास्यचित्र आपल्याच धंद्यातले आहे.

फ्रान्समध्ये ल्युमिएर नावाचे दोन भाऊ होते. त्यांनी २८ डिसेंबर १८९५ रोजी पॅरिसमध्ये तिकीट लावून दहा लहान चित्रे दाखवली. त्यांत एक होते माळ्याचे. माळी नळीने बागेला पाणी देतो आहे. मागून एक पोरगा येऊन नळीवर पाय ठेवतो. पाणी बंद! माळी नळीचे तोंड डोळ्यांपुढे धरून पाहतो. पोरगा पाय काढतो. पाणी फस्सकन तोंडावर! मग माळी पोराला धरून बडवतो. संपले. मिनिटभराचाही खेळ नाही. पण मला सांगा, मोटारीच्या पाइपवर पाय देऊन तुमच्या घरच्या पोरांनी हा खेळ केला नाही काय? जगातले पहिले हसे शेतमळ्यातलेच आहे.

त्याच ल्युमिएरांची चित्रे ७ जुलै १८९६ रोजी मुंबईत वॉटसन हॉटेलात दाखवली गेली. तिकीट एक रुपया. त्या काळचा रुपया म्हणजे गरिबाला परवडणारी गोष्ट नव्हे. तीन वर्षांनी सावे दादा, म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, यांनी मुंबईत कुस्तीचे चित्र घेतले. आणि मग आले आपले धुंडिराज गोविंद फाळके, त्र्यंबकेश्वरचे. 'राजा हरिश्चंद्र' ३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कॉरोनेशन सिनेमात लागला हे शाळेतल्या पोरालाही ठाऊक असते. पण दादासाहेबांनी त्याआधी काय केले, ठाऊक आहे? कुंडीत वाटाणा पेरला आणि त्याला अंकुर फुटून वेल होईपर्यंत थोड्या थोड्या वेळाने त्याचे चित्र घेतले. पडद्यावर वेल डोळ्यांदेखत वाढली. ते चित्र दाखवून त्यांनी कर्ज मिळवले. बियाण्याच्या जोरावर कर्ज काढायची आपली रीतच, नाही का?

दादासाहेबांना लोक पौराणिक चित्रांसाठी ओळखतात. पण हसवण्यातही ते मागे नव्हते. 'मोहिनी भस्मासुर'च्या जोडीला ते 'पिठाचे पंजे' नावाचे छोटे हास्यचित्र दाखवीत. मोठ्या जेवणात लोणच्याची फोड असते तशी ही जोडी. आगपेटीतल्या काड्यांना हलते-चालते करून त्यांनी 'आगकाड्यांची मौज' काढली. आणि स्वतःच जादूगार बनून ते पडद्यावर आले, नाव घेतले 'प्रोफेसर केळफा'. अक्षरे उलटून पाहा, फाळकेच सापडतील! १९१९ च्या 'कालिया मर्दन'मध्ये त्यांची चिमुरडी मुलगी मंदाकिनी कृष्ण झाली. लोणी चोरणारा, खोड्या काढणारा तो कृष्ण पाहिला की आजही हसू येते. आणि या सगळ्यामागे सरस्वतीबाई फाळके. फिल्मच्या पट्टीला भोके पाडण्यापासून सगळ्या मंडळींचा स्वयंपाक करण्यापर्यंत सारे त्या माउलीने केले, दागिनेही दिले. न बोलता राबणाऱ्या बाईशिवाय आपल्याकडे कुठलेच घर उभे राहिलेले नाही, हे मला आत्यामुळे कळू लागले होते.

आता तुम्ही विचाराल, ही जुनी चित्रे पळत का सुटतात? माणसे तुरुतुरु का चालतात? त्याचे कारण सोपे आहे. त्या वेळी कॅमेऱ्याचा दांडा हाताने फिरवीत. दर सेकंदाला साधारण सोळा-अठरा चित्रे पडत. पुढे बोलपट आले आणि यंत्राची गती सेकंदाला चोवीस ठरली. जुनी पट्टी नव्या यंत्रावर लावली की सोळाचे काम चोवीसच्या घाईने होते. फिल्मच्या एका फुटात सोळा चित्रे. एक रीळ हजार फुटांचे. सोळाच्या गतीने ते सोळा-सतरा मिनिटे चाले. म्हणून ही हास्यचित्रे एका रिळाची किंवा दोन रिळांची असत. शिवाय विनोद करणारे मुद्दामही दांडा हळू फिरवीत, म्हणजे पडद्यावर पळापळ जास्त.

बस्टर कीटन नावाचा दुसरा एक बहाद्दर होता. कितीही आपटला, पडला तरी चेहऱ्यावरची सुरकुती हलायची नाही. १९२० सालचे त्याचे 'वन वीक' पाहून तर मी कामोठ्याचाच माणूस म्हणून हसलो. नवे लग्न झालेल्या जोडप्याला पेटाऱ्यांतून सुटे भाग जोडायचे घर मिळते. मत्सरी माणूस पेटाऱ्यांचे आकडे बदलून ठेवतो. घर वाकडेतिकडे उभे राहते, वादळात भोवऱ्यासारखे फिरते. आणि शेवटी कळते की घर भलत्याच प्लॉटवर बांधले! रुळांपलीकडे ओढून न्यायला निघतात, तर घर रुळांवरच अडकते. एक आगगाडी शेजारून निघून जाते, हुश्श करतात, तोच दुसरी येऊन घराचा चुरा करते. ज्याने प्लॉटसाठी खेटे घातले आहेत त्याने हे चित्र जरूर पाहावे. हॅरॉल्ड लॉइड नावाचा तिसरा. १९१९ साली खोटा समजून हातात धरलेला बॉम्ब फुटला आणि त्याच्या उजव्या हाताचा अंगठा व शेजारचे बोट गेले. पुढची सगळी हसवणूक त्याने हातमोजा घालून केली, आणि लोकांना पत्ता लागू दिला नाही.

आणि चार्ली? तो १८८९ साली लंडनमध्ये जन्मला. बाप दारूत गेला, आई वेड्यांच्या इस्पितळात, पोरे अनाथालयात. आई रंगभूमीवर गात असे. एकदा गाता गाता तिचा आवाजच बसला, लोक हुर्यो करू लागले, तेव्हा पाच वर्षांच्या चार्लीला पुढे लोटले. तो गाऊ लागला, लोकांनी पैसे फेकले, तर पोरगे गाणे थांबवून म्हणाले, आधी पैसे वेचतो, मग गातो! हे त्याने स्वतः आत्मचरित्रात सांगितले आहे. तीच आई खिडकीत बसून रस्त्यावरच्या माणसांच्या नकला करी, चालीवरून त्यांच्या मनातले ओळखी. ते पाहून मी शिकलो, असे तो म्हणतो. आवाज गेलेल्या आईचा मुलगा जगाला न बोलता हसवू लागला, यात मला देवाची काही योजना वाटते. याच चार्लीने २२ सप्टेंबर १९३१ रोजी लंडनमध्ये महात्मा गांधींची भेट घेतली आणि यंत्रांविषयी त्यांच्याशी बोलणे केले.

बोलपट आला, दार लागले

१४ मार्च १९३१ ला मुंबईत 'आलम आरा' लागला. पुढच्या वर्षी मराठीत 'अयोध्येचा राजा'. पडदा बोलू लागला. सगळ्यांना आनंद झाला. पण कान नसलेल्या माणसांचे काय झाले, याचा विचार कोणी केला? मूकपटात ते तुमच्या-आमच्या बरोबरीचे होते. चित्र दोघांना सारखे आणि पाटी दोघांना सारखी. बोलपट आला आणि त्यांच्यापुढे दार लागले. चार्लीचा ग्रॅनविल रेडमंड नावाचा चित्रकार मित्र होता. लहानपणी तापाने त्याचेही कान गेलेले, आमच्या आत्यासारखेच. चार्लीने त्याला आपल्या स्टुडिओत चित्रे काढायला जागा दिली आणि आपल्या चित्रांत कामेही दिली. ऐकू न येणारा माणूस म्हणून त्याला बाजूला बसवले नाही.

आम्ही मात्र आत्याला बाजूलाच बसवले होते. त्याची गोष्ट आता ऐका.

अंगठा

१९७० साली नवे शहर वसवण्यासाठी आमच्या पट्ट्यातल्या गावांच्या जमिनी घ्यायचे ठरले. सिडको त्याच वर्षी स्थापन झाली. कागद सुरू झाले. आजोबा जाऊन सहा-सात वर्षे झाली होती. उताऱ्यावर वारस म्हणून तीन नावे, वडील, काका आणि आत्या. काका म्हणाले, "हिचा हक्कसोड करून घेऊ. मुकीला काय कलतंय? अंगठा घे नि मोकला हो." आणि वाचकहो, खरे सांगतो, माझे वडील 'हो' म्हणाले. ते वाईट नव्हते. बहिणीला आपण सांभाळतोच आहोत, मग तिला वेगळा वाटा कशाला, असे त्यांना मनापासून वाटत होते. बहुतेक भावांना असेच वाटते.

ओटीवर कागद पसरला. शाईचा पॅड उघडला. वडिलांनी आत्याचा हात धरला. तिने कागदाकडे पाहिलेच नाही. तिने वडिलांच्या तोंडाकडे पाहिले. वडिलांनी मान फिरवली, आणि तिच्याकडे पाठ झाली मात्र, त्यांचा हात थांबला. पुढे कितीतरी वर्षांनी त्यांनी मला सांगितले, "मला त्या जहाजावरचा माणूस आठवला. वाटले, ही आता माझी पाठ वाचणार."

वडिलांनी पॅड मिटला. सुपात भात घेतले आणि ओटीवर ओतले. मग हातवारे करून सांगायला सुरुवात केली. हे शेत. हा बांध. साहेब येणार, शेत नेणार. पैसे देणार. भाताचे तीन ढीग केले. हा माझा, हा त्याचा, हा तुझा. मग तिचा ढीग हाताने आपल्या ढिगात लोटला, अंगठ्याची खूण केली आणि विचारले, देतेस?

आत्या थोडा वेळ ढिगांकडे पाहत राहिली. मग उठली. खुंटीवरचा वडिलांचा सदरा काढला, खिशात हात घातला, आणि उसवलेल्या शिवणीतून बोट बाहेर काढून हलवले. आधी वडिलांपुढे, मग काकांपुढे. तुमच्या खिशाला भोक आहे, नाणे राहायचे नाही!

ओटीवर शांतता झाली. मग वडील हसू लागले. आत्याही हसली, तेच खरखरीत हसू. आई चुलीपाशी पदराने डोळे टिपत होती. काका मात्र उठून गेले. दोन वर्षे आमच्याशी बोलले नाहीत.

आत्याच्या वाट्याचे पैसे आले ते तिच्याच नावाने पोस्टात ठेवले. पासबुकावर तिचाच अंगठा. पैसे फार नव्हते. जमिनीच्या मोलाने तर काहीच नव्हते. त्या मोलासाठी आमच्या लोकांना पुढे दि. बा. पाटील साहेबांच्या मागे रस्त्यावर उतरावे लागले, जानेवारी १९८४ मध्ये उरण तालुक्यात पाच जण हुतात्मा झाले, आणि मग साडेबारा टक्के विकसित जमिनीचा मार्ग निघाला. पण ते थोडे पैसे तिचे होते. काकांच्या हातचा पैसा कसा गेला ते सांगत बसत नाही, आमच्या पट्ट्यात तशा कहाण्या घरोघर आहेत. एवढेच सांगतो की पुढे काका अंथरुणाला खिळले, तेव्हा आत्याने कोणी न सांगता पेटीतून पासबुक काढले आणि वडिलांच्या हातात दिले. त्या दिवशी तिने खिशाची नक्कल केली नाही.

माझी चूक

आत्याला जाऊन आता पंचवीसेक वर्षे झाली. मला रडू आले ते यामुळे नव्हे. रडू आले ते माझ्या चुकीमुळे.

घरात टीव्ही आला. सगळे मिळून मालिका पाहत असू. आत्याही येऊन बसे. पडद्यावर तोंडे हलत, आम्ही हसत असू, ती आमच्या तोंडांकडे पाही आणि मला खुणेने विचारी, काय झाले? मी हाताने सांगे, थांब, नंतर सांगतो. ते 'नंतर' कधी आलेच नाही. मुक्या चित्रांचा मला एवढा नाद, पण तिला पुन्हा एकदा असे चित्र दाखवावे हे मला सुचले नाही. ज्या एका रात्री ती सगळ्या गावाच्या पुढे होती, तशी दुसरी रात्र मी तिला देऊ शकलो असतो. दिली नाही.

त्या चित्रांचेही तसेच झाले. आपल्या देशात सुमारे तेराशे मूकपट निघाले, त्यांतले अगदी मोजके शिल्लक आहेत. जुनी फिल्म ज्वालाग्राही, जळून गेली. कित्येक पट्ट्या आतली चांदी काढण्यासाठी विकून टाकल्या. १९६४ साली पुण्याला राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय झाले आणि पी. के. नायर यांच्यासारख्या माणसाने दारोदार हिंडून उरलेसुरले गोळा केले, म्हणून फाळक्यांचा कृष्ण तरी आपल्याला दिसतो. जे बोलत नाही त्याची किंमत नसते, असे आपण समजतो. माणूस असो की चित्र असो.

म्हणून तीन गोष्टी सांगतो आणि पुरे करतो.

पहिली. तुमच्या घरात ऐकू न येणारे मूल असेल तर त्याला वेडे समजू नका. लवकर कान तपासून घ्या, त्याच्यासाठी असलेल्या शाळेत घाला. खुणांची भाषा ही खरी भाषा आहे. २०१५ साली दिल्लीत तिच्यासाठी केंद्र सरकारची संस्थाही निघाली आणि तिने त्या भाषेचा शब्दकोश केला. घरच्यांनीही ती शिकावी.

दुसरी. १९५६ च्या कायद्याने मुलीला वडिलांच्या मिळकतीत वाटा दिला, आणि २००५ च्या दुरुस्तीने वडिलोपार्जित मिळकतीतही तिला मुलाच्या बरोबरीने बसवले. बहिणीने हक्क सोडायचा तर तो समजून, राजीखुशीने सोडावा. तिचा अंगठा घेताना तिच्या डोळ्यांत पाहता येते का, एवढे स्वतःला विचारा. मान फिरवावी लागत असेल तर पॅड मिटा.

तिसरी सोपी आहे. मोबाईल आता घरोघर आहे. एखाद्या रात्री घरातल्या सगळ्यांना, म्हाताऱ्याकोताऱ्यांना, जवळ बसवा आणि हे मुके हास्यचित्र लावा. भाषा लागत नाही, अक्षरओळख लागत नाही. आणि घरात सर्वांत आधी कोण हसते ते पाहा. कदाचित तुम्ही ज्याला काही विचारीत नाही, तेच माणूस असेल.

परवा नातवाला मी सगळे सांगितले. त्याने चित्र पुन्हा पहिल्यापासून लावले. जहाज हलू लागले, चार्ली कठड्यावर ओणवा झाला. नातवाने माझ्याकडे पाहिले, बोट आकड्यासारखे वाकवले आणि वर ओढले. आम्ही दोघे चार्ली वळण्याच्या आधीच हसलो.